ताट आणि नाडी

(प्रौढ साक्षरता वर्गापुढे केलेले भाषण)



आज मी तुम्हांला धडा शिकवायला आलो नाही. चार गोष्टी सांगायला आलो आहे. मी काही डॉक्टर नाही. मी शाळामास्तर. जन्मभर पोरांना पाढे शिकवले, बेरीज-वजाबाकी शिकवली. आजची गोष्टही तशी बेरीज-वजाबाकीचीच आहे. पण हे आकडे पाटीवरचे नाहीत. आपल्या अंगातले आहेत.

विषय असा, की आपण जे खातो त्याने आपल्या काळजाचे ठोके आणि रक्ताचा दाब कसा बदलतो. रक्ताच्या दाबाला तुम्ही सगळे 'बीपी' म्हणता. मीही तसेच म्हणेन. शब्द कोणताही असो, अर्थ कळला म्हणजे झाले.

आधी माझ्या घरातली एक गोष्ट सांगतो.

माझे थोरले बंधू होते. आम्ही त्यांना अण्णा म्हणत असू. आमच्या घरी दोघांच्या शिक्षणाची ऐपत नव्हती. मी शिकावे म्हणून अण्णा दुसरीतूनच शाळा सोडून औतामागे गेले. मी मास्तर झालो तो त्यांच्या जिवावर. सत्तरीच्या पुढे त्यांना बीपीची गोळी सुरू झाली. पुढे पुढे दुपारचे जेवण झाले की त्यांना भोवळ यायची. डोळ्यांपुढे अंधारी यायची. अण्णांना वाटले, बीपी वाढले. म्हणून ते मनानेच जेवणानंतर आणखी अर्धी गोळी घ्यायचे. आम्हांला ते ठाऊकही नव्हते.

पितृपंधरवडा आला. घरी तिथीचे जेवण होते. सकाळपासून अण्णांच्या पोटात काही नव्हते. दुपारी एकला पान वाढले. खीर, पुऱ्या, वडे, भात, आमटी. अण्णा पोटभर जेवले. जेवणाआधी त्यांनी गोळीही घेतली होती. जेवण झाल्यावर पाटावर टेकून अर्धा-पाऊण तास गप्पा मारीत बसले. मग हात धुवायला म्हणून एकदम उठले आणि मोरीच्या उंबऱ्यावर कोसळले. खुब्याचे हाड मोडले. त्यानंतर अण्णा उठले नाहीत. आठ महिने अंथरुणावर होते आणि मग गेले.

तेव्हा कोणी म्हणाले, ऊन लागले. कोणी म्हणाले, पित्त झाले. कोणी म्हणाले, पितर कोपले. आम्ही चार शिकलेली माणसे तिथे होतो. पण त्यांनी काय खाल्ले, किती वाजता खाल्ले, गोळी कधी घेतली, आणि त्या वेळी बीपी किती होते, हे कोणी विचारले नाही. मीही नाही.

पुढे तीन वर्षांनी एका लग्नात जिलबी-मसालेभाताची पंगत झाली. पंगतीतून उठलो आणि मलाही तशीच भोवळ आली. माझे नशीब की मी लगेच खाली बसलो. तालुक्याच्या डॉक्टरांकडे गेलो. ते म्हणाले, "गुरुजी, तुमचं बीपी वाढत नाही, जेवणानंतर उतरतं." त्या दिवशी मला अण्णांच्या पडण्याचे कारण कळले. अण्णांची भोवळ बीपी उतरल्याची असणार. आणि ते उतरलेल्या बीपीवर आणखी गोळी घेत होते.

आता हे बीपी म्हणजे काय, ते पाहू.

काळीज म्हणजे एक पंप आहे. तो आखडतो तेव्हा रक्त जोराने नळ्यांत जाते. तो सैल पडतो तेव्हा जोर कमी होतो. म्हणून बीपीचे आकडे दोन असतात. वरचा आकडा पंप आखडतानाचा. खालचा आकडा पंप सैल पडतानाचा. १२० वर ८० च्या आत असले तर चांगले. दवाखान्यात पुन्हा पुन्हा मोजून १४० वर ९० किंवा त्याहून जास्त येत असेल, तर ते वाढलेले बीपी.

रक्ताला दाब असतो हे माणसाला फार उशिरा मोजता आले. इंग्लंडात स्टीफन हेल्स नावाचे एक पाद्री होते. त्यांनी एका घोडीच्या रक्तवाहिनीला उभी काचेची नळी जोडली. रक्त त्या नळीत ८ फुटांहून वर चढले. हे त्यांनी १७३३ साली छापून प्रसिद्ध केले. पण माणसाला अशी नळी कशी लावणार? १८९६ साली इटलीतले डॉक्टर रिव्हा-रोची यांनी दंडाला बांधायची हवेची पट्टी काढली. १९०५ साली रशियातले डॉक्टर कोरोटकॉव्ह यांनी पट्टीखाली नळी लावून कानाने ठोके ऐकायची रीत दाखवली. तीच पट्टी आज आपल्या उपकेंद्रात आहे.

नाडी म्हणजे काळजाचे ठोके. मोठ्या माणसाची नाडी स्वस्थ बसल्यावर मिनिटाला ६० ते १०० पडते.

आता पोटाकडे येऊ. तुमच्यातल्या पुष्कळांची शेती पाटाच्या पाण्यावर आहे. पाटकऱ्याचे काम तुम्हांला माहीत आहे. एका चारीला पाणी सोडले की दुसऱ्या चाऱ्यांचे पाणी कमी होते. मग पाटकरी काय करतो? मागचे दार थोडे वर उचलतो आणि दुसऱ्या चाऱ्यांची दारे थोडी खाली करतो. म्हणजे सगळीकडे पाणी पुरते.

आपल्या अंगात हेच चालते. जेवण पोटात गेले की पोटाला आणि आतड्यांना जास्त रक्त लागते. रक्ताचा लोंढा तिकडे वळतो. मग डोक्याला रक्त कमी पडू नये म्हणून अंगातला पाटकरी कामाला लागतो. तो काळजाला सांगतो, जरा जलद चाल. हातापायांच्या नळ्यांना सांगतो, जरा आखडा. म्हणून भरपेट जेवल्यावर नाडी काही ठोके वाढते. हे रोगाचे लक्षण नाही. हे काम बिनबोभाट चालले म्हणजे माणूस जेवून उठतो आणि कामाला लागतो.

पण वय झाले की पाटकरी सुस्त होतो. मधुमेह असला, कंपवात असला, बीपी पुष्कळ वर्षांचे असले, तरी तो सुस्त होतो. पोटाने पाणी ओढले, पण मागचे दार कोणी उचलले नाही. मग डोक्याची चारी कोरडी पडते. माणसाला भोवळ येते, डोळ्यांवर झापड येते, पाय लटपटतात. जेवणानंतर दोन तासांच्या आत वरचा आकडा २० किंवा त्याहून जास्त उतरला, तर त्याला डॉक्टर जेवणानंतरचे बीपी उतरणे म्हणतात. १९८३ साली अमेरिकेतल्या बोस्टनच्या डॉक्टरांनी म्हाताऱ्या माणसांमध्ये हे मोजून दाखवले. तोपर्यंत पुष्कळ ठिकाणी लोक म्हणत, म्हातारा माणूस आहे, जेवला की पेंगतो.

आता तुम्ही विचाराल, सगळ्याच अन्नाने असे होते का? नाही. इथेच खरी गंमत आहे.

आपल्या ताटात तीन मोठ्या जातींचे पदार्थ असतात. पहिली जात पिष्टमय आणि गोड पदार्थांची. भात, पोळी, भाकरी, साबुदाणा, बटाटा, साखर, गूळ. दुसरी जात प्रथिनांची. डाळ, मटकी, हरभरा, दूध, अंडी, मासे. तिसरी जात तेल-तुपाची. यांतला पिष्टमय पदार्थ पोटात गेला की त्याची साखर होते आणि ती रक्तात उतरते. मैदा, साखर, पांढरा भात यांची साखर झटपट होते. ती आतड्यांत भरभर आली म्हणजे तिकडे रक्तही जास्त ओढले जाते. शिवाय स्वादुपिंडातून इन्सुलीन नावाचा रस सुटतो. त्याने काही नळ्या सैलावतात. म्हणून जेवणानंतर बीपी जे उतरते, ते गोडाने आणि पिठूळ पदार्थांनी सगळ्यांत जास्त उतरते. जेवण मोठे असले तर आणखी उतरते. जेवण कढत असले तर आणखी. वर दारू घेतली तर विचारूच नका.

अण्णांचे त्या दिवशीचे पान आता डोळ्यांपुढे आणा. खीर गोड. पुऱ्या पिठाच्या. भात पिष्टमय. सकाळपासून उपाशी, म्हणून जेवण दुप्पट. त्यावर गोळी. पाऊण तासाने झटकन उभे राहणे. एकेक गोष्ट लहान होती, पण सगळ्यांची बेरीज झाली.

मी मास्तर माणूस. मला ऐकून समाधान होत नाही. मी एक वही घातली. डॉक्टरांना विचारून बीपी मोजायचे यंत्र आणले. पहिल्या आठवड्यात माझे नेहमीचे जेवण ठेवले. म्हणजे भात पोटभर, वरण, वर शिरा नाही तर गूळपोळी. जेवणाआधी माझे बीपी साधारण १४४ वर ८२ असायचे. तासाभराने ते ११८ वर ६८ व्हायचे. वरचा आकडा २६ ने खाली. आणि नाडी? ती ७० ची फक्त ७४ व्हायची.

माझा नातू सुट्टीला आला होता. वीस वर्षांचा आहे. त्याला तेच जेवण वाढले. त्याची नाडी ६८ ची ८२ झाली आणि बीपी होते तिथेच राहिले. पाहा, त्याचा पाटकरी जागा आहे. माझा पाटकरी पेंगतो आहे.

दुसऱ्या आठवड्यात मी ताट बदलले. आधी भाजी आणि डाळ खायची. मग एक ज्वारीची भाकरी. भात शेवटी, तोही मूठभर. गोड नाही. जेवण दोनदाऐवजी थोडे थोडे चारदा. आता तासाभराने आकडा १३२ च्या आसपास राहू लागला. भोवळ थांबली. हा एका माणसाचा हिशेब आहे, बरं का. एका माणसावरून सगळ्या गावाचा नियम करू नये. पण डॉक्टरांनीही असेच सांगितले होते, आणि मोठ्या दवाखान्यांतून जे मोजले गेले तेही याच्याशी जुळते.

एक गमतीची गोष्ट सांगतो. ऑस्ट्रेलियातल्या अॅडलेड शहरात डॉक्टरांनी म्हाताऱ्या माणसांना ग्लुकोजचे पाणी प्यायला दिले. एकदा साधे दिले आणि एकदा त्यात आपल्या गवारीच्या बियांची चिकट पूड मिसळून दिली. पूड घातलेल्या पाण्याने बीपी कमी उतरले. हे २००१ साली प्रसिद्ध झाले. कारण सोपे आहे. चिकट पदार्थाने साखर पोटातून हळू सरकते. लोंढा येत नाही, झिरपा येतो. गवारीची भाजी म्हणजे ती पूड नव्हे. पण भाजीतला चोथा, डाळीचे साल, भाकरीचा कोंडा हे सगळे हेच काम थोडे थोडे करतात. आपण मात्र कोंडा गुरांना घालतो आणि मैदा आपण खातो!

उपासाचेही असेच आहे. एकादशी आणि दुप्पट खाशी, असे आपण हसून म्हणतो. साबुदाणा हे काही धान्य नाही. एका कंदाच्या पिठाच्या त्या गोळ्या आहेत. तामिळनाडूत सेलमच्या बाजूला त्याचे पुष्कळ कारखाने आहेत. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. सकाळपासून रिकामे पोट आणि मग ताटभर खिचडी, वर गोड चहा. म्हाताऱ्या माणसाने असा उपास केला तर त्याने उठताना भिंत धरावी.

परवा मी हे सगळे आमच्या आळीत सांगत होतो. एक बाई म्हणाल्या, "गुरुजी, मग भात सोडायचा का? भात वाईट का?"

प्रश्न चांगला आहे. त्याचे उत्तर नीट देतो. इथे दोन वेगळे हिशेब आहेत. एक हिशेब तासाचा. दुसरा हिशेब वर्षांचा. जेवणानंतर तास-दोन तास बीपी उतरते, हा तासाचा हिशेब. वर्षानुवर्षे बीपी चढत जाते, हा दुसरा हिशेब. या दोन्हींची गल्लत करू नका.

वर्षांच्या हिशेबात भाताचे काय? त्यासाठी अमेरिकेतली एक खरी गोष्ट ऐका. वॉल्टर केम्पनर नावाचे एक जर्मन डॉक्टर होते. हिटलरच्या राज्यातून निघून ते १९३४ साली अमेरिकेत ड्यूक विद्यापीठात गेले. त्या काळी बीपीवर धड औषध नव्हते. फार वाढलेल्या बीपीचे रोगी दिवस मोजीत. केम्पनरांनी १९३९ पासून अशा रोग्यांना भातावर ठेवायला सुरुवात केली. भात, फळे, फळांचा रस आणि साखर. बस्स, एवढेच. असे सांगतात, की एका बाईला त्यांनी दोन आठवड्यांनी परत या म्हटले. त्यांचे उच्चार जर्मन धाटणीचे. बाईंनी ऐकले, दोन महिन्यांनी! दोन महिने त्या भातच खात राहिल्या. परत आल्या तेव्हा त्यांचे बीपी पुष्कळ उतरले होते. पुढे १९४४ साली केम्पनरांनी आपले रोगी आणि त्यांचे आकडे डॉक्टरांच्या सभेपुढे मांडले.

आता बघा, तो तर निव्वळ पिष्ट आणि साखर! मग बीपी उतरले कसे? कारण त्या जेवणात मीठ जवळजवळ नव्हतेच. दिवसाला अर्धा ग्रॅमसुद्धा नाही. चरबी नाही. फळे भरपूर. वजनही उतरे. ते जेवण कोणी घरी करू नये. ते दवाखान्याच्या देखरेखीखाली चाले आणि रोगी त्याला कंटाळत. पण त्यातून एक गोष्ट कळते. वर्षांच्या हिशेबात भात एकटा गुन्हेगार नाही. मोठा गुन्हेगार भाताच्या डाव्या बाजूला बसलेला असतो. मीठ, लोणचे, पापड, खारवलेली मिरची.

जागतिक आरोग्य संघटना सांगते, मोठ्या माणसाने दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावे. म्हणजे चहाचा एक सपाट चमचा, तोही सगळा दिवस मिळून. भाजीतले, आमटीतले, भाकरीतले, लोणच्यातले, फरसाणातले, खारीतले, बिस्किटातले, सगळे त्यात आले. आपल्याकडे याहून पुष्कळ जास्त मीठ पोटात जाते. मीठ जास्त झाले की अंगात पाणी साठते. नळ्यांत पाणी जास्त, म्हणून दाब जास्त.

मग पिष्ट आणि साखर अगदी निर्दोष का? तसेही नाही. वर्षानुवर्षे पिठूळ आणि गोड जास्त खाल्ले, त्या मानाने कष्ट कमी केले, म्हणजे पोट सुटते. पोट सुटले की इन्सुलीन जास्त जास्त लागते. इन्सुलीन जास्त झाले की ते मूत्रपिंडाला सांगते, मीठ बाहेर टाकू नकोस. काळजालाही ते थोडे डिवचते. अशा रीतीने साखर आणि मीठ एकमेकांचे हात धरतात आणि बीपी चढते.

आपल्या देशात हे विशेष ध्यानात घ्यायला हवे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेने देशभर मोठी पाहणी केली. तिचा आहाराचा भाग २०२५ साली प्रसिद्ध झाला. त्यात दिसले, की आपल्या जेवणातून जी शक्ती मिळते तिचे १०० भाग केले तर त्यांतले ६२ भाग पिष्ट आणि साखरेतून येतात. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने २०२४ साली सांगितले, की धान्यातून साधारण ४५ भाग यावेत. उरलेले डाळी, भाज्या, फळे, दूध, शेंगदाणे-तेलबिया यांतून यावेत. म्हणजे काय करायचे? भात सोडायचा नाही. भाताचा ढीग थोडा लहान करायचा आणि डाळीची वाटी मोठी करायची.

याने बीपी खरोखर उतरते का? उतरते. अमेरिकेत ४५९ माणसांवर हे पाहिले गेले. त्याचा निकाल १९९७ साली छापून आला. काही जणांना तिथले नेहमीचे जेवण दिले. काही जणांना भाज्या, फळे, कोंड्यासकट धान्य, कमी सायीचे दूध असे जेवण दिले. आठ आठवडे मीठ सगळ्यांना सारखे. वजनही बदलू दिले नाही. तरी भाजी-फळे खाणाऱ्यांचा वरचा आकडा इतरांपेक्षा सरासरी साडेपाचने जास्त उतरला. ज्यांचे बीपी आधीच वाढलेले होते त्यांचा तर ११ ने उतरला. पुढे २००५ साली १६४ माणसांवर आणखी पाहिले. तशाच जेवणातले थोडे पिष्ट कमी करून त्या जागी प्रथिने किंवा चांगले तेल दिले. बीपी आणखी थोडे उतरले. थोडेच, पण उतरले.

आता मी तुम्हांला करायच्या गोष्टी सांगतो. ज्यांना लिहिता येते त्यांनी लिहून घ्या.

पहिली गोष्ट. जेवण एकदम पोटभर करू नका. थोडे थोडे, पण वेळेवर खा. वय झालेल्यांनी तर हे पाळावेच.

दुसरी गोष्ट. आधी भाजी-डाळ, मग भाकरी, शेवटी भात. गोड असले तर चवीपुरते.

तिसरी गोष्ट. भोवळ येत असेल त्याने जेवणाआधी दोन पेले पाणी प्यावे. मात्र ज्यांना डॉक्टरांनी पाणी मोजून प्यायला सांगितले आहे, त्यांनी त्यांचेच ऐकावे.

चौथी गोष्ट. जेवून झटकन उठू नका. आधी पाय हलवा. मग आधार धरून उठा. भोवळ आली तर लाज न धरता खाली बसा किंवा आडवे व्हा. पडण्यापेक्षा बसलेले बरे.

पाचवी गोष्ट. ताटात वरून मीठ घेऊ नका. लोणचे-पापड सणापुरते ठेवा. बाजारात कमी सोडियमचे मीठ मिळते. पण ज्याचे मूत्रपिंड दुखावले आहे त्याने ते डॉक्टरांना विचारल्यावाचून घेऊ नये.

सहावी गोष्ट, आणि ही सगळ्यांत मोठी. गोळी मनाने वाढवू नका, मनाने बंदही करू नका. भोवळ आली तर बीपी वाढले का उतरले, हे नुसत्या अंगाला कळत नाही. ते पट्टीला कळते. आधी मोजा, मग बोला. माझ्या गोळीची वेळ डॉक्टरांनी बदलून दिली. ती त्यांनी माझी वही पाहून बदलली.

मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलीन घेणाऱ्यांनी आणखी एक ध्यानात ठेवावे. कोणाचे ऐकून भाकरी-भात एकदम बंद करू नका. औषध चालू आणि पोटात पिष्ट नाही, अशाने रक्तातली साखर फार उतरते. छाती धडधडते, घाम फुटतो, हात कापतात. अशा वेळी शुद्धीवर असलेल्या माणसाला लगेच साखर किंवा गुळाचे पाणी द्यावे आणि दवाखाना गाठावा.

आणि छातीत दुखले, दम लागला, तोंड वाकडे झाले, एक हात लुळा पडला, बोलणे अडखळले, तर ताट, नाडी, वही काही पाहत बसू नका. तडक दवाखान्यात जा.

आता मोजायचे कसे ते सांगतो. बीपी मोजण्याआधी पाच मिनिटे स्वस्थ बसा. पाठ टेकलेली, पाय जमिनीवर, हात काळजाच्या उंचीवर. अर्धा तास आधी चहा-तंबाखू नको. लघवी करून बसा. मोजताना बोलू नका. तिशीच्या पुढच्या सगळ्यांनी हे तपासून घ्यावे. उपकेंद्रात त्याला पैसे पडत नाहीत. आशाताईंना विचारा, त्या दिवस सांगतील.

नाडी तर बिनखर्चाची आहे. हाताचा अंगठा असतो ना, त्याच्या मुळाशी, मनगटावर, दुसऱ्या हाताची तीन बोटे हलके ठेवा. घड्याळाचा काटा पाहून पूर्ण एक मिनिट ठोके मोजा. जेवणाआधी मोजा. जेवल्यावर तासाने पुन्हा मोजा. ठोके मधेच चुकत असतील, उड्या मारीत असतील, तर आशाताईंना सांगा.

आणि ते वहीत लिहा. तारीख, वेळ, काय खाल्ले, नाडी किती, बीपी किती, गोळी कधी. सहा रकाने. रोज दोन ओळी. डॉक्टरांकडे जाताना वही न्या. "बरं वाटत नाही" एवढे ऐकून डॉक्टर काय करणार? वही पाहिली की त्यांना पंधरा दिवस एका पानावर दिसतात. दुकानातल्या पुड्यावरही वाचा. त्यावर सोडियम किती मिलिग्रॅम ते छापलेले असते. त्याला अडीचने गुणले की साधारण मीठ किती ते कळते. ४०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे १ ग्रॅम मीठ. गुणाकार तुम्हांला मागच्याच महिन्यात शिकवला आहे!

मंडळी, शेवटी एकच बोलतो. मी इतकी वर्षे गावच्या पोरांना शिकवले. पण ज्या भावाने माझ्यासाठी पाटी खाली ठेवली, त्याच्या हातात ती पाटी मी परत दिली नाही. रोज त्यांच्या शेजारी बसून जेवत होतो. रात्रीचा अर्धा तास काढला असता तर अण्णांना आकडे लिहिता आले असते. गोळीच्या पाकिटावरचे नाव वाचता आले असते. त्यांनी एक ओळ लिहिली असती, "जेवणानंतर भोवळ," तर कोणीतरी ती वाचली असती. मला ते सुचले नाही. म्हणून आता मी या वर्गात येतो.

तुमच्या घरीही कोणी अण्णा असतील, कोणी आजी असेल. आज घरी गेल्यावर त्यांचे मनगट हातात घ्या. एक मिनिट ठोके मोजा. आणि त्यांच्याच हाताने तो आकडा वहीत लिहून घ्या. वाकडा आला तरी चालेल.

पुढच्या गुरुवारी सगळ्यांनी वह्या घेऊन या. मी एकेक पाहणार आहे.